विश्लेषण : संत ऑगस्टिन यांनी वक्तृत्वाची नोकरी सोडली, मग वक्तृत्व का सोडले नाही?

मे २०२५ मध्ये निवडून आलेले पोप लिओ चौदावे हे ऑगस्टिनियन संघाचे आहेत. हा संघ ज्यांच्या नावाने ओळखला जातो ते संत ऑगस्टिन (३५४-४३०) ख्रिस्ती परंपरेतील सर्वाधिक प्रभावी लेखकांपैकी एक. पण बिशप होण्यापूर्वी ते वक्तृत्वाचे शिक्षक होते आणि सम्राटाची जाहीर स्तुती करणे हा त्यांच्या नोकरीचा भाग होता. जी कला खोटेही तितक्याच सहज पटवून देते, ती सत्यासाठी वापरावी की टाकून द्यावी? हा प्रश्न त्यांना आयुष्यभर पुरला.

ऑगस्टिन मूळचे कुठले?

आजच्या अल्जीरियातील सूक अहरास म्हणजे तेव्हाचे थागास्ते. रोमन आफ्रिकेतील या छोट्या गावात १३ नोव्हेंबर ३५४ रोजी ऑगस्टिन यांचा जन्म झाला. वडील पॅट्रिशियस बेताच्या जमिनीचे मालक आणि जुन्या रोमन देवांना मानणारे, तर आई मोनिका श्रद्धाळू ख्रिस्ती. मुलाने शिकून मोठे व्हावे यावर मात्र दोघांचे एकमत होते. शेजारच्या मदौरा येथे शिक्षण सुरू झाले, पण पैसे संपल्याने सोळाव्या वर्षी ऑगस्टिन यांना घरी बसावे लागले. पुढे गावातील धनिक रोमानियानस यांच्या मदतीने ते कार्थेजला गेले. तेथेच एका स्त्रीशी त्यांचे संबंध जुळले आणि अदेओदातस हा मुलगा झाला. त्या स्त्रीचे नाव ऑगस्टिन यांनी कुठेही लिहिलेले नाही.

वक्तृत्वाला इतके महत्त्व का होते?

रोमन साम्राज्यात सामान्य घरातील मुलाला वर चढण्याची शिडी म्हणजे वक्तृत्व. न्यायालय, प्रशासन, दरबार, सगळीकडे चांगले बोलणारा आणि लिहिणारा माणूस हवा असे. मुद्दे शोधणे, त्यांची मांडणी, भाषाशैली, पाठांतर आणि प्रत्यक्ष सादरीकरण असे या शास्त्राचे पाच भाग होते. त्यातला आदर्श म्हणजे इसवी सनापूर्वी पहिल्या शतकातील वक्ता सिसेरो. एकोणिसाव्या वर्षी ऑगस्टिन यांनी सिसेरोचा ‘हॉर्टेन्सियस’ हा ग्रंथ वाचला. तो अभ्यासक्रमात होता तो भाषेसाठी, पण त्यांना वेड लावले ते त्यातल्या ज्ञानाच्या ओढीने. हा ग्रंथ आज उपलब्ध नाही. त्याच ओढीने त्यांनी बायबल उघडले आणि निराश झाले. सिसेरोच्या डौलदार लॅटिनपुढे बायबलचे जुने भाषांतर त्यांना ओबडधोबड वाटले. त्यानंतर सुमारे नऊ वर्षे ते मानी यांच्या पंथात राहिले.

मिलानमध्ये काय घडले?

कार्थेजमधील विद्यार्थ्यांच्या दंग्याला कंटाळून ३८३ मध्ये ते रोमला गेले. तेथील विद्यार्थी शांत होते, पण फी देण्याची वेळ आली की टोळीने दुसऱ्या शिक्षकाकडे पळत. ३८४ मध्ये रोमचे प्रशासक सिमाकस यांच्या शिफारशीने ऑगस्टिन यांना मिलानमधील वक्तृत्वाच्या प्राध्यापकाचे पद मिळाले. तेव्हा सम्राटाचा दरबार मिलानमध्ये असल्याने हे पद मोठ्या मानाचे होते. अशाच एका स्तुतिभाषणाच्या तयारीत असताना त्यांना रस्त्यात एक झिंगलेला भिकारी हसताना दिसला. आपण खोटे बोलणार, ऐकणाऱ्यांना ते खोटे आहे हे माहीत असणार आणि तरी टाळ्या पडणार. यापेक्षा हा भिकारी सुखी, असे त्यांना वाटून गेले.

या चढणीची किंमत दुसऱ्यांनीही मोजली. प्रतिष्ठित घरात लग्न जमवण्यासाठी बारा-तेरा वर्षांहून अधिक काळ सोबत राहिलेल्या त्या स्त्रीला आफ्रिकेला परत पाठवण्यात आले. मुलगा मात्र वडिलांकडेच राहिला.

मिलानचे बिशप अँब्रोस यांची प्रवचने ऐकायला ऑगस्टिन गेले ते जाणकार म्हणून, शैली पारखायला. पण शब्दांबरोबर आशयही आत शिरत गेला. बायबलमधील ओबडधोबड वाटणाऱ्या कथांचा रूपकात्मक अर्थ अँब्रोस उलगडून दाखवत. ३८६ च्या ऑगस्टमध्ये ऑगस्टिन यांचा निर्णय झाला. द्राक्षतोडणीच्या सुट्टीनंतर ते वर्गात परतलेच नाहीत. छातीच्या दुखण्याचे कारणही हाताशी होते. ३८७ च्या ईस्टरला त्यांनी मुलासह अँब्रोस यांच्या हस्ते बाप्तिस्मा घेतला.

ख्रिस्ती मंडळींना वक्तृत्वाचे वावडे का होते?

हे सगळे शिक्षण जुन्या देवांच्या कथांवर उभे होते आणि नव्या कराराचे लेखक बहुतेक साध्या भाषेत लिहिणारे. त्यामुळे शिकलेल्या ख्रिस्ती माणसाच्या मनात कायम द्वंद्व असे. ऑगस्टिन यांचे समकालीन जेरोम यांना तर स्वप्न पडले की देवाच्या न्यायासनापुढे आपण ख्रिस्ताचे नव्हे, सिसेरोचे अनुयायी ठरलो. दुसऱ्या बाजूने, ३६२ मध्ये सम्राट ज्युलियन यांनी ख्रिस्ती शिक्षकांना ही जुनी विद्या शिकवण्यास मनाई केली. तेव्हा रोममधील नामवंत शिक्षक मारियस व्हिक्टोरिनस यांनी पद सोडले. त्यांची हकिकत ऐकून ऑगस्टिन हेलावले होते.

ऑगस्टिन यांनी उत्तर काय दिले?

३८८ मध्ये ते आफ्रिकेत परतले. आई परतीच्या वाटेवर ऑस्टिया बंदरात वारली होती आणि मुलगाही थोड्याच काळात गेला. ३९१ मध्ये हिप्पो या बंदराच्या शहरात लोकांनी त्यांना जवळपास बळजबरीनेच धर्मगुरू केले. काही वर्षांतच ते बिशप झाले. त्या सुमारास ‘डी डॉक्ट्रिना ख्रिस्तियाना’ हा ग्रंथ त्यांनी लिहायला घेतला, अर्धवट सोडला आणि तीस वर्षांनी, ४२६ च्या सुमारास पूर्ण केला. त्याचा चौथा भाग वक्तृत्वावर आहे.

त्यांचा युक्तिवाद सरळ आहे. वक्तृत्व हे हत्यार आहे, ते स्वतः चांगलेही नाही आणि वाईटही नाही. खोटे सांगणारे थोडक्यात, स्पष्ट आणि चटकदार बोलणार आणि खरे सांगणाऱ्यांनी ऐकणाऱ्याला जांभया आणायच्या, हा कुठला न्याय? शिकवणे, रिझवणे आणि मन वळवणे ही वक्त्याची तीन कामे त्यांनी सिसेरोकडून घेतली. साधी, मध्यम आणि भव्य या तीन शैलीही घेतल्या. पण एक बदल केला. सिसेरोच्या हिशेबात लहान विषयाला साधी आणि मोठ्या विषयाला भव्य शैली. ऑगस्टिन म्हणतात, प्रवचनात कोणताच विषय लहान नसतो. त्यामुळे शैली विषयावरून नव्हे, तर ऐकणाऱ्यावर काय घडवायचे आहे यावरून ठरवावी.

समजणे हे शुद्धतेपेक्षा मोठे, हाही त्यांचा आग्रह. लॅटिनमध्ये ‘ओस’ म्हणजे स्वर ऱ्हस्व असेल तर हाड आणि दीर्घ असेल तर तोंड. आफ्रिकेतल्या लोकांच्या कानाला हा फरक कळत नसे. मग हाडासाठी व्याकरणाला अमान्य असलेला ‘ओसुम’ हा बोलीतला शब्द वापरायला काय हरकत, असे हा जुना प्राध्यापक विचारतो.

संत पॉल यांच्या पत्रांत त्यांना काय दिसले?

तरुणपणी ज्या बायबलला त्यांनी नाके मुरडली, त्यातूनच म्हातारपणी त्यांनी उत्तम भाषेचे नमुने काढून दाखवले. रोमकरांस लिहिलेल्या पत्रात संत पॉल दुःखापासून आशेपर्यंत एकेक पायरी चढत जातात आणि प्रत्येक पायरी पुढचीला जन्म देते. भारतीय अलंकारशास्त्रात कारणमाला म्हणतात तशीच ही रचना. करिंथकरांस लिहिलेल्या दुसऱ्या पत्रात पॉल आपल्या हालअपेष्टांची यादी देतात. तिथे लांब आणि आखूड वाक्यखंड कसे आलटून पालटून येतात, हे ऑगस्टिन मोजून दाखवतात. मात्र पॉल नियमांच्या मागे गेले नाहीत, त्यांच्या शहाणपणामागे वक्तृत्व आपोआप आले, असा त्यांचा निष्कर्ष आहे.

भाषण यशस्वी झाले हे कसे ओळखायचे?

यासाठी ते स्वतःचा अनुभव देतात. आजच्या अल्जीरियातील शेरशेल, तेव्हाचे सिझेरिया. या शहरात दरवर्षी ठरावीक दिवसांत लोक दोन गट करून एकमेकांवर दगडफेक करत. त्यात भाऊ, बाप, मुलगे समोरासमोर येत आणि माणसे मरत. ही प्रथा पिढ्यान्‌पिढ्या चालत आलेली होती. ती थांबवण्यासाठी ऑगस्टिन भव्य शैलीत बोलले. लोकांनी वाहवा केली, तेव्हा त्यांना काही साधल्यासारखे वाटले नाही. लोक रडू लागले, तेव्हा ते जिंकले होते. आठ वर्षे उलटून गेली तरी दगडफेक पुन्हा झाली नव्हती, अशी नोंद त्यांनी केली आहे. मिलानमध्ये टाळ्या हे यश होते, इथे वागण्यातला बदल.

पटवणे कमी पडले तेव्हा काय झाले?

ऑगस्टिन यांच्या आयुष्यातली वादग्रस्त बाजू इथे येते. छळाच्या काळात काही धर्मगुरूंनी कच खाल्ली होती. त्यावरून आफ्रिकेतील ख्रिस्ती समाज दुभंगला आणि डोनाटिस्ट हा वेगळा गट तयार झाला. सुरुवातीला ऑगस्टिन यांचा भर संवादावर होता. सामान्यांना गाता यावे म्हणून त्यांनी सोप्या लॅटिनमध्ये, वर्णमालेच्या क्रमाने कडवी असलेले एक पालुपदाचे गीतही रचले. नंतर मात्र सरकारी सक्तीचा उपयोग होतो, असे मत बनवून त्यांनी पत्रांतून तिचे समर्थन केले. पुढच्या शतकांत धार्मिक बळजबरी करणाऱ्यांनी याच लिखाणाचा आधार घेतला. शब्दांच्या ताकदीवर इतका विश्वास असलेल्या माणसाची ही मर्यादा अभ्यासक आजही दाखवून देतात.

त्यांचे काय उरले?

२८ ऑगस्ट ४३० रोजी, व्हँडल सैन्याचा हिप्पोला वेढा पडलेला असताना ऑगस्टिन यांचे निधन झाले. त्यांचे लेखन मात्र वाचले. लघुलेखकांनी उतरवून घेतलेली शेकडो प्रवचने आणि सुमारे अडीचशे पत्रे आज उपलब्ध आहेत. काही पत्रे आणि प्रवचने तर विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात नव्याने सापडली. त्यांची नियमावली पाळणारे संघ जगभर पसरले. जुन्या गोव्यातील पडका सेंट ऑगस्टिन टॉवर ही अशाच एका संघाची खूण.

त्यांच्या ग्रंथाचा चौथा भाग मध्ययुगात प्रवचनकारांचे पाठ्यपुस्तक ठरला आणि त्यामार्फत सिसेरोची शिकवण चर्चमध्ये टिकली. त्याच भागात त्यांनी एक इशाराही दिला आहे. वक्त्याचे जगणे त्याच्या कुठल्याही भव्य शैलीपेक्षा जास्त वजनदार असते. ज्याला बोलता येत नाही, त्याने निदान नीट जगावे, तेच त्याचे भाषण.