सत्तेचा रोजा

रोजा म्हणजे नुसते उपाशी राहणे नव्हे. घसा कोरडा पडला आहे, समोर पाण्याचा माठ आहे, पाहायला कोणी नाही, तरी माणूस हात आवरतो. हराम तर तो एरवीही टाळतोच. रमजानमध्ये दिवसभर हलालही बाजूला ठेवतो. जे आपल्या हक्काचे आहे त्याच्यापासून स्वतःहून दूर राहण्याचा हा महिनाभराचा सराव आहे. भाकरीच्या बाबतीत हे लहान मुलालाही जमते. सत्तेच्या बाबतीत मात्र भल्याभल्यांना जमत नाही.

ज्यांना ते जमले अशा एका राजाची आज आठवण. तो मुसलमान नव्हता. घरची देवी यमाई, आणि सूर्यनमस्कारांचा असा प्रचारक की गावोगावच्या शाळांत त्याचे नाव पोहोचले. औंधचे भवानराव ऊर्फ बाळासाहेब पंतप्रतिनिधी.

जन्म १८६८ चा. १९०९ साली ते गादीवर आले. संस्थान जेमतेम ७२ गावांचे, तेही सलग नाही. औंध, आटपाडी, कुंडल आणि विजापूरकडचे गुणदाळ असे विखुरलेले तुकडे. पाऊस कमी, उत्पन्न बेताचे. पण राजाची नजर मोठी होती. बेळगावातली जागा सोडावी लागलेल्या लक्ष्मणराव किर्लोस्करांना त्यांनी १९१० साली कुंडलजवळच्या माळावर जागा दिली. तिथेच किर्लोस्करवाडी उभी राहिली. ते स्वतः चित्रकार होते. औंधच्या टेकडीवरचे संग्रहालय त्यांच्याच हौसेचे. १९३५ साली इंदूरच्या मराठी साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष होते.

एवढ्यावरच ते थांबले असते, तरी चांगला राजा म्हणून नाव राहिलेच असते. पण चांगल्या राजाच्या राज्यातही रयत ही रयतच असते. हा शब्द मराठीत अरबीतून आला. मूळ अर्थ, राखणदाराच्या हवाली असलेला कळप. राखणदार दयाळू असला तर कळपाचे नशीब. नसला तर दाद कोणाकडे मागायची? वरचे इंग्रज सोडले, तर संस्थानात महसूल, न्याय, तुरुंग सगळे राजाच्या शब्दावर चाले.

१९३८ साली बाळासाहेबांनी हा शब्दच मागे घ्यायचे ठरवले. बॅरिस्टर होऊन आलेले चिरंजीव आप्पासाहेब आणि पोलंडचे इंजिनिअर मॉरिस फ्रिडमन यांनी हा विचार उचलून धरला. सल्ल्यासाठी ते सेवाग्रामला गांधीजींकडे गेले. माजरीहून वरोरा, हिंगणघाट करत वर्ध्याला जाणाऱ्यांना ते ठिकाण सांगायला नको. आश्रमात गांधीजींच्या सल्ल्याने राज्यघटनेला आकार आला आणि २१ जानेवारी १९३९ रोजी ती औंधात लागू झाली.

रचना साधी होती. गावाने आपली पंचायत निवडायची. पंचायतीतून तालुका समिती आणि तिथून प्रतिनिधी संस्थानच्या विधिमंडळात. मंत्री विधिमंडळाला जबाबदार. महसुलाचा वाटा थेट गावाच्या हाती, तंटे शक्यतो गावातच मिटवायचे. राजाच्या खासगी खर्चालाही मर्यादा आली. त्याच वर्षी आटपाडीजवळ स्वतंत्रपूर वसले. कैद्यांनी भिंतीवाचून राहायचे, शेती करायची. पुढे याच वसाहतीवरून 'दो आँखें बारह हाथ' हा चित्रपट सुचला.

आपल्या परंपरेत याला शब्द आहे शूरा, म्हणजे मसलत. कुराणाच्या ४२ व्या सुरेचे नावच ते आहे. हजरत उमर (रजि.) यांनी मृत्युशय्येवर वारस नेमला नाही, सहा जणांची शूरा नेमली. आपल्या मुलाला सल्ल्यापुरते बसवले, पण खिलाफतीसाठी त्याचा विचार होणार नाही हेही बजावले. राज्यकर्त्याने स्वतःवर घातलेला हा बांध होता.

पण बांध घालणाऱ्याच्याच हाती फावडे राहिले तर काय होते, ते मोरोक्कोत दिसते. तिथे दहाव्या रोजाला सुलतान मुहम्मद पाचवे यांची पुण्यतिथी पाळतात. २६ फेब्रुवारी १९६१, म्हणजे १० रमजान १३८० रोजी ते वारले. फ्रेंचांनी त्यांना हद्दपार केले होते. परत येऊन १९५६ साली त्यांनी स्वातंत्र्य पाहिले आणि सल्लागार सभाही नेमली. त्यांच्या पश्चात, १९६२ साली मुलगा हसन दुसरे यांनी राज्यघटना आणली आणि पुढच्या वर्षी संसद निवडून आली. १९६५ मध्ये दंगली उसळताच राजाने आणीबाणी लावून ती संसद बंद केली. पाच वर्षे देशाला संसद नव्हती. २०११ च्या घटनेने सर्वांत मोठ्या पक्षातूनच पंतप्रधान नेमण्याचे बंधन राजावर घातले, पण सैन्य आणि धर्मविषयक अधिकार आजही राजाकडेच आहेत.

औंधची अशी परीक्षा झालीच नाही. प्रयोगाला जेमतेम नऊ वर्षे मिळाली आणि १९४८ साली संस्थान मुंबई राज्यात विलीन झाले. आप्पासाहेब आधी संस्थानचे पंतप्रधान झाले, मग स्वतंत्र भारताचे प्रतिनिधी म्हणून नैरोबीला गेले. १९५१ साली बाळासाहेब वारले. पुढचा राजा वेगळ्या स्वभावाचा निघाला असता तर दिलेले परत घेतले असते का, याचे उत्तर कोणाजवळ नाही. म्हणूनच राजाची नियत चांगली असणे पुरेसे नाही, हे त्यांच्याच चरित्रातून शिकायचे. त्यांनी नियतीला लेखी कायद्याची जोड दिली आणि कायद्याचे मूळ गावात रोवले, दरबारात नाही. वरून दिलेली संसद वरूनच बंद करता येते. गावातली सभा बंद करायला गावानेच पाठ फिरवावी लागते.

इथे जबाबदारी आपल्यावर येते. आपल्या शेजारी, गडचिरोलीतल्या मेंढा (लेखा) गावाने २००९ साली सामूहिक वनहक्क मिळवला, तो ग्रामसभेत सगळ्यांचे ऐकून, सगळ्यांच्या संमतीने निर्णय घेण्याची सवय असल्यामुळे. आपल्याकडे ग्रामसभेची दवंडी होते, नोटीस लागते, आणि कितीदा तरी कोरम भरत नाही म्हणून सभा तहकूब होते. खाणीची जमीन, धूळ, पाणी, रस्ता, सगळे विषय तिथे मांडता येतात. तिथे कोणी राजा अडवत नाही.

तरावीहला मशिदीत जशी रांग भरते, मंदिरातल्या आरतीला जशी गर्दी होते, तशी एकदा ग्रामसभेत भरू द्या. जो हक्क मिळवायला दुसऱ्या देशांत माणसे तुरुंगात गेली आणि औंधच्या राजाने आपणहून पदर झटकून दिला, तो आपल्याकडे रिकाम्या खुर्च्यांवर पडून आहे. रमजानमध्ये आपण हात आवरायला शिकतो. हा एक हक्क मात्र हात पुढे करून उचलायचा आहे.