राहेल हवी होती, लेआ मिळाली



तीन आठवडे इथे काहीच आलं नाही. काहींनी मेसेज करून विचारलंही, ब्लॉग बंद केला का म्हणून. नाही केला. पप्पांचं डायलिसिस सुरू झालंय, आठवड्यातून तीनदा. ऑफिसात एप्रिलपासून टीम माझ्या गळ्यात आहे. पहाटे बायबल उघडून नुसतं बसायचा माझा अर्धा तास होता, तो या सगळ्यात कधी गेला कळलंच नाही. आजचं चिंतन डायलिसिस सेंटरच्या बाहेरच्या खुर्चीवर बसून फोनवर टाइप करतोय. चुका सांभाळून घ्या.

आज ३ सप्टेंबर, पोप संत ग्रेगरी यांचा सण. थोरले ग्रेगरी. म्हणून आज रोजचं वाचन बाजूला ठेवून उत्पत्तीचा २९ वा अध्याय काढा. याकोब राहेलसाठी सात वर्षं राबतो आणि लग्नाच्या दुसऱ्या दिवशी सकाळी बघतो तर लाबानाने थोरली लेआ दिलेली. राहेल देखणी, लेआचे डोळे अधू. पण मुलं आधी होतात ती लेआला. आपण ही गोष्ट लाबानाच्या लबाडीची म्हणून ऐकतो. ग्रेगरींनी ती स्वतःची म्हणून वाचली. पोप झाल्यावर थोड्याच काळात त्यांनी कॉन्स्टॅन्टिनोपलला, सम्राटाच्या बहिणीला एक पत्र लिहिलं. त्यात त्यांची तक्रार अशी की आपलं प्रेम राहेलवर होतं, म्हणजे एकांतावर, प्रार्थनेवर. आणि कोणत्या न्यायाने माहीत नाही, पण अंधारात लेआ पदरात पडली. म्हणजे काम.

हे पत्र मला पहिल्यांदा कळलं तेव्हा मी बराच वेळ गप्प बसलो होतो. कारण पोप म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर बाल्कनी येते. २०२५ च्या मे महिन्यात आपण सगळेच फोनवर त्या चिमणीकडे टक लावून होतो. ग्रेगरींच्या वेळी ना चिमणी, ना कॉन्क्लेव्ह. रोमचे धर्मगुरू आणि लोक मिळून आपला बिशप निवडायचे आणि कॉन्स्टॅन्टिनोपलहून सम्राटाची मंजुरी यायची. आणि ज्या शहराचा बिशप व्हायचं, ते शहर जवळजवळ संपलेलं होतं.

त्यांचा जन्म साधारण ५४० चा. घर श्रीमंत, जुनं, सिनेटर घराणं. वडील गॉर्डियानुस, आई सिल्विया, तीही पुढे संत म्हणून मानली गेली. पूर्वजांत एक पोप होऊन गेलेले. पण ग्रेगरी लहान असताना रोम गॉथ लोक आणि सम्राटाचं सैन्य यांच्या युद्धात भरडलं जात होतं. शहराला पाणी आणणारे पाट वेढ्यात तोडले गेले होते. ५४६ मध्ये गॉथ राजा तोतिला याने शहर घेतलं, आणि त्यानंतर काही काळ ते जवळजवळ ओस पडलं. कधीकाळी लाखोंनी माणसं होती तिथे काही हजारच उरली.

तिशीत ते रोमचे प्रीफेक्ट झाले, म्हणजे शहराचा कारभार बघणारे सर्वांत मोठे मुलकी अधिकारी. धान्य, बंदोबस्त, हिशेब. करिअर म्हणून याच्या वर फार काही नव्हतं. आणि साधारण ५७४ च्या सुमारास त्यांनी ते सगळं सोडलं. सिसिलीतल्या जमिनींवर सहा मठ उभे केले आणि रोममध्ये सेलियन टेकडीवरच्या वडिलोपार्जित घराचाच सातवा मठ केला, संत आंद्रेयाच्या नावाने. स्वतः मठाधिपती न होता साधे मठवासी म्हणून त्यात राहिले. इतका उपास केला की पोट कायमचं बिघडलं. (हा भाग तरुण वाचकांनी अनुकरणासाठी घेऊ नये, ही नम्र सूचना.) ही काही वर्षं म्हणजे त्यांची राहेल. पुढे जन्मभर ते या दिवसांच्या आठवणीत झुरत राहिले.

फार वर्षं मिळाली नाहीत. पोप दुसरे पेलाजियुस यांनी त्यांना डीकन केलं आणि कॉन्स्टॅन्टिनोपलला दूत म्हणून पाठवलं. काम एकच, उत्तरेकडून येणाऱ्या लोंबार्ड टोळ्यांविरुद्ध सम्राटाकडून सैन्य मिळवायचं. साधारण सहा वर्षं दरबारात काढली, सैन्य मिळालं नाही. सोबत आपल्या मठातले काही बंधू नेले होते. त्यांना जमवून ते ईयोबाच्या पुस्तकावर बोलायचे. त्याचंच पुढे ३५ भागांचं पुस्तक झालं. म्हणजे जे काम जमलं नाही त्याच्या कडेकडेने हे झालं.

५८९ च्या शेवटी टायबर नदीला मोठा पूर आला, चर्चची धान्याची कोठारं वाहून गेली. मागोमाग प्लेग. ५९० च्या फेब्रुवारीत पोप पेलाजियुस त्यातच गेले. लोकांनी ग्रेगरींना निवडलं. त्यांनी काय केलं असेल? सम्राट मॉरिसला पत्र लिहून विनवलं की मंजुरी देऊ नका. शहराच्या प्रीफेक्टने ते पत्र मध्येच अडवलं आणि निवडीचा अहवाल तेवढा पुढे पाठवला. मला ही गोष्ट फार आवडते, कारण यात साधुत्वाचा आव नाही, सरळ सरळ पळ काढायचा प्रयत्न आहे आणि तोही फसलेला.

मंजुरी यायला महिने लागले. मधल्या काळात प्लेग चालूच. ग्रेगरींनी सगळ्या शहराला सात गटांत सात चर्चमधून प्रार्थना करत निघायला लावलं. त्या मिरवणुकीतच एका तासात ८० माणसं पडून मेल्याची नोंद आहे. सम्राट हेड्रियनच्या थडग्यावर देवदूत मिखाएल तलवार म्यान करताना दिसला ही कथा नंतरची. त्या इमारतीला आज कास्तेल सांत आंजेलो म्हणतात. मला देवदूतापेक्षा ती ८० माणसं जास्त आठवतात. प्रार्थना करायला बाहेर पडली होती.

३ सप्टेंबर ५९० ला त्यांचा अभिषेक झाला. आणि लेआचा संसार सुरू झाला.

इथून पुढे मी त्यांच्या पत्रांबद्दल सांगणार आहे, कारण ग्रेगरी मला तिथेच भेटले. सुमारे ८५० पत्रं शिल्लक आहेत. अध्यात्म शोधायला गेलो तर समोर काय, शेतजमिनी! रोमच्या ख्रिस्तसभेकडे सिसिली, सार्डिनिया, दक्षिण इटली, आफ्रिका इथे मोठ्या जमिनी होत्या. सरकार जवळपास नव्हतंच, म्हणून रोमच्या पोटाची जबाबदारी या जमिनींवर. सिसिलीचा कारभार पीटर नावाच्या सबडीकनकडे होता. त्याला लिहिलेली पत्रं वाचा, एखादा कडक मॅनेजर कोड रिव्ह्यू करतोय असं वाटतं. कुळांकडून धान्य घेताना कारकून मोठं माप वापरतात हे कळल्यावर त्यांनी माप किती मोठं असावं ते ठरवून दिलं. कुळाच्या घरी लग्न असेल तर एका सोन्याच्या नाण्याहून जास्त आकार घ्यायचा नाही, गरीब असेल तर त्याहून कमी. या पीटरने एकदा त्यांच्यासाठी एक घोडा आणि पाच गाढवं पाठवली. ग्रेगरींनी कळवलं की घोड्यावर बसता येत नाही कारण तो अगदीच मरतुकडा, आणि गाढवं उत्तम आहेत पण त्यांच्यावर बसता येत नाही कारण ती गाढवं आहेत. पोपच्या पत्रात असा विनोद सापडेल असं मला वाटलं नव्हतं.

लॅटरनच्या कचेरीत गरिबांची एक मोठी वही होती. नाव, वय, कुणाला काय द्यायचं, सगळं त्यात. जवळपास तीन शतकांनंतर त्यांचं चरित्र लिहिणाऱ्या योहान नावाच्या डीकनने ती वही पाहिली होती. दर महिन्याच्या पहिल्या तारखेला धान्य, तेल, चीज, भाज्या, मासे, मोसमात जे असेल ते वाटायचं. जे आजारी, चालू न शकणारे, त्यांच्याकडे रोज शिजवलेलं अन्न. युद्धामुळे पळून आलेल्या आणि रोममधल्या मिळून ३००० धर्मभगिनी यादीत होत्या, त्यांच्यासाठी वर्षाला ८० पौंड सोनं लागायचं. योहान असंही सांगतो की एकदा एक भिकारी रस्त्याकडेला मेलेला सापडला, तेव्हा ग्रेगरींनी स्वतःला त्या मृत्यूचे अपराधी मानलं आणि काही दिवस मिस्सा अर्पण केली नाही.

५९३ मध्ये लोंबार्ड राजा आगिलुल्फ रोमच्या भिंतींपर्यंत आला. ग्रेगरी तेव्हा यहेज्केलच्या पुस्तकावर प्रवचनं देत होते. बाहेरून हात तोडलेली माणसं शहरात येत होती, आणि गळ्यात कुत्र्यासारखे दोर बांधून रोमन लोकांना विकायला नेत होते. त्यांनी प्रवचनं थांबवली. सैन्य नव्हतंच, तेव्हा चर्चचं सोनं देऊन राजाला परत पाठवलं. सम्राट मॉरिसने, ज्याने स्वतः काहीच पाठवलं नव्हतं, उलट त्यांना भोळा मूर्ख ठरवलं. सम्राज्ञीला लिहिताना ग्रेगरींनी मग जरा कडवटपणेच स्वतःला लोंबार्डांचा खजिनदार म्हणवून घेतलं. यहेज्केलचं पुस्तक काही पूर्ण झालं नाही.

आता थोडं पटकन. ५९६ मध्ये आपल्याच मठातल्या ऑगस्टीनला बंधूंसह इंग्लंडला पाठवलं. वाटेत त्यांचं धैर्य गळालं, परत यायची परवानगी मागितली. ग्रेगरींनी ती नाकारली, आणि ५९७ मध्ये ते केंटला पोचले. स्वतःला देवाच्या सेवकांचा सेवक म्हणवायचे, पोप आजही ते बिरुद वापरतात. पालेर्मोच्या बिशपने यहुद्यांची सभास्थानं बळकावून चर्च केली, तेव्हा त्या बिशपला इमारतींची किंमत मोजायला आणि ग्रंथ परत करायला लावलं. ग्रेगोरियन संगीत त्यांच्या नावाने चालतं, पण ते त्यांनी रचलं याला पुरावा नाही.

चुका? आहेत, आणि सणाच्या दिवशी त्या झाकायच्या असं मला वाटत नाही. ५९१ च्या एका प्रवचनात त्यांनी मारिया माग्दालेना, बेथानीची मारिया आणि लूकच्या शुभवर्तमानातली पापी स्त्री या तिघींना एकच करून टाकलं. बिचाऱ्या माग्दालेनाच्या माथी तो शिक्का पश्चिमेत शेकडो वर्षं राहिला. १९६९ च्या सुधारित सणांच्या पंचांगात कुठे ती गुंतागुंत सुटली.

दुसरी गोष्ट जास्त जड आहे. ६०२ मध्ये फोकास नावाच्या सेनाधिकाऱ्याने बंड केलं, मॉरिसच्या मुलांना त्याच्या डोळ्यांसमोर मारलं आणि मग त्यालाही. मॉरिसचा थोरला मुलगाही पाठोपाठ मारला गेला, ज्याचे ग्रेगरी कॉन्स्टॅन्टिनोपलच्या दिवसांत धर्मपिता झाले होते. आणि पुढच्या वर्षी ग्रेगरींनी फोकासला पत्र पाठवलं, देवाची स्तुती आणि आनंद व्यक्त करणारं. त्यांना सगळं कळलं नसेल, रोमला संरक्षण हवं होतं, असं अभ्यासक सांगतात. असेल. मला ते पत्र पचत नाही. लेआचे डोळे अधू होते, आणि कामात बुडालेल्या माणसाला नीट दिसत नाही हा अर्थ ग्रेगरींनीच तिच्या डोळ्यांवरून काढला होता. स्वतःचंही ते याच अर्थाने म्हणत असतील का?

शेवटची वर्षं बिछान्यात गेली. सांधे गाऊटने जखडलेले. ६०० मध्ये अलेक्झांड्रियाच्या मित्राला कळवलं की जवळजवळ दोन वर्षं अंथरुणाला खिळलोय, सणाच्या दिवशी कसाबसा तीन तास उठतो. तरी पत्रं चालूच. लेखनिक शेजारी बसून उतरवून घ्यायचे. आणि तो मठ? सेलियन टेकडीवरचा? तिथे राहायला त्यांना परत कधी मिळालं नाही. त्यांनी मग मठवासीच लॅटरनमध्ये आणले, त्यांच्यासोबत राहायला. कामाच्या मधल्या फटींत जेवढी राहेल बसेल तेवढी.

आता मी इथे एक कबूल करतो. गेले काही महिने माझी प्रार्थना म्हणजे हिशेब होता, हा अर्धा तास गेला, तो तास गेला, रिलीज झाली की बघू, पप्पा स्थिर झाले की बघू. आज इथे बसून मी त्या वहीचा विचार करतोय, नावं आणि वयं लिहिलेल्या. ती वही लिहिताना त्यांना आपण प्रार्थना चुकवतोय असं वाटत होतं की नाही? वाटत होतंच, पत्रांत तसं पुन्हा पुन्हा आहे. तरी वही रोज लिहिली जात होती.

१२ मार्च ६०४ ला ते गेले. त्याआधीच्या हिवाळ्यात, हात हलत नसताना, त्यांनी सांगून करवून घेतलेल्या अगदी शेवटच्या कामांपैकी एक म्हणजे थंडीने हैराण झालेल्या एका गरीब बिशपला जाड ऊबदार झगा पाठवणं.

सिस्टर आत बोलावतायत, पप्पांचं मशीन सुटलं. उद्यापासून पुन्हा लूकचं शुभवर्तमान, जिथे थांबलो होतो तिथून. पोस्ट सकाळी सहाला येईलच असं नाही.