देसी आर्नाझ

देसी आर्नाझ यांचा जन्म २ मार्च १९१७ रोजी क्यूबातील सॅन्टियागो शहरात झाला. १९३३ च्या क्रांतीत घरदार गेले, वडील तुरुंगात पडले. देसी अमेरिकेत आले. तेथे त्यांनी पक्ष्यांचे पिंजरे साफ केले. पुढे गायक म्हणून नाव कमावले.

पत्नी ल्युसिल बॉल यांना दूरचित्रवाणी मालिकेत पतीच्या भूमिकेसाठी देसीच हवे होते. क्यूबाचा पती प्रेक्षकांना रुचणार नाही, असे अधिकाऱ्यांना वाटले. म्हणून १९५० मध्ये दोघांनी शहरोशहरी रंगमंचावर प्रयोग केले. लोकांनी ते डोक्यावर घेतले. १९५१ मध्ये 'आय लव्ह लूसी' सुरू झाली व घरोघरी पोहोचली.

त्या काळी पडद्यावर लॅटिन अमेरिकेतील माणूस बहुधा गुंड किंवा नोकर असे. देसींनी प्रेमळ, कष्टाळू गृहस्थ दाखवला. २ डिसेंबर १९८६ रोजी ते मरण पावले.