ग्रांदे ओतेलो : ब्राझीलला हसवणारा 'थोर ऑथेल्लो'

ब्राझीलच्या चित्रपटसृष्टीचा इतिहास ज्या मोजक्या चेहऱ्यांवरून ओळखला जातो, त्यांत ग्रांदे ओतेलो यांचा चेहरा अग्रभागी आहे. जेमतेम पाच फुटांची उंची, मोठे बोलके डोळे, क्षणात फुलणारे आणि क्षणात विझणारे हास्य, एवढ्या भांडवलावर या कृष्णवर्णीय कलावंताने जवळजवळ सात दशके रंगमंच, कॅसिनो, चित्रपट आणि दूरचित्रवाणी गाजवली. शंभरांहून अधिक चित्रपट त्यांच्या नावावर आहेत. त्यांना पाहताच प्रेक्षक हसू लागत. मात्र या हास्याने त्यांना लोकप्रियता दिली तशी बेडीही घातली. ती बेडी तोडण्याची त्यांची धडपड हीच त्यांच्या कारकिर्दीची खरी कथा होय.

ओतेलो यांचे मूळ नाव सेबास्तियाओ बर्नार्देस दे सोझा प्राता. मिनास जेराइस प्रांतातील आजच्या उबेरलांडिया शहरात १८ ऑक्टोबर १९१५ रोजी त्यांचा जन्म झाला, असे सर्वसाधारणपणे मानले जाते. ब्राझीलमध्ये गुलामगिरी कायद्याने संपुष्टात आली ती १८८८ मध्ये. म्हणजे या घटनेला उणीपुरी २७ वर्षे झाली असताना जन्मलेल्या कृष्णवर्णीय मुलाच्या वाट्याला जे दारिद्र्य येई, ते त्यांच्याही वाट्याला आले. वडिलांचा खून झाला. आई लोकांच्या घरी स्वयंपाक करी आणि तिला मद्याचे व्यसन होते. गावात आलेल्या फिरत्या नाटक मंडळीच्या नादी लागलेला हा मुलगा कोवळ्या वयातच घर सोडून साओ पावलोला पोहोचला. तेथेही तो एका जागी टिकला नाही. पळून जाणे, रस्त्यावर भटकणे, बालन्यायालयाच्या आश्रयगृहात जाऊन पडणे असे सारे झाले. अखेर एका सुस्थितीतील कुटुंबाने त्याला आधार दिला आणि सालेशियन पाद्र्यांच्या शाळेत त्याचे शिक्षण सुरू झाले.

नावाची कथा

'ओतेलो' हे पोर्तुगीज भाषेतील ऑथेल्लोचे रूप. साओ पावलोत असताना हा मुलगा गायनाचे धडे घेत होता. मोठा झाल्यावर हा व्हेर्दीच्या संगीतिकेतील ऑथेल्लोची भूमिका गाईल, असे त्याच्या शिक्षकांना वाटे आणि त्यावरूनच त्याला हे नाव पडले, असे सांगितले जाते. काळा मुलगा म्हणजे ऑथेल्लो, असे हे सोपे समीकरण होते. १९२६ मध्ये रिओ दि जानेरोत 'कोंपान्हिया नेग्रा दे रेव्हिस्तास' ही कृष्णवर्णीय कलावंतांची नाटक मंडळी उभी राहिली. तिच्या वाद्यवृंदाची धुरा विख्यात संगीतकार पिशिंगिन्या यांच्याकडे होती. या मंडळीत अकरा वर्षांचा ओतेलो गाऊ-नाचू लागला आणि प्रेक्षकांचा लाडका झाला. तेव्हा त्याला 'छोटा ओतेलो' म्हणत. पुढे जार्देल जेर्कोलिस यांच्या मंडळीत आल्यावर 'छोटा'चे 'ग्रांदे', म्हणजे 'थोर', झाले. ठेंगण्या नटाला थोर म्हणण्यात थट्टा होती हे उघड आहे. पण हे नाव त्यांनी आयुष्यभर मिरवले आणि अखेरीस त्या विशेषणातील थट्टा कोणाच्या लक्षातही राहिली नाही.

जेर्कोलिस यांच्या मंडळीबरोबर १९३० च्या दशकाच्या मध्यास ते रिओला आले. १९३५ मध्ये 'नोइतेस कारिओकास' या चित्रपटातून त्यांनी पडद्यावर पदार्पण केले. त्यांचे नाव खऱ्या अर्थाने झाले ते उर्का येथील कॅसिनोत. धनिक, राजकारणी आणि परदेशी पाहुणे यांनी गजबजलेल्या या ठिकाणी १९३८ पासून ते नियमित कार्यक्रम करू लागले. १९३९ मध्ये जोसेफिन बेकर तेथे आल्या तेव्हा त्यांच्याबरोबर रंगमंचावर उभे राहण्याचा मान ओतेलो यांना मिळाला. १९४६ मध्ये सरकारने जुगारावर बंदी घातली आणि कॅसिनो बंद पडले. तोपर्यंत रिओच्या रात्रीच्या दुनियेत ओतेलो हे नाव पक्के झाले होते. पुढे कार्लोस माशादो यांच्या नाइट क्लबमधील भव्य कार्यक्रमांतही ते चमकले.

एक मैदान, एक सांबा आणि ऑर्सन वेल्स

ओतेलो हे गीतकारही होते. रिओतील 'प्रासा ओंझे' हे मैदान म्हणजे कृष्णवर्णीय वस्तीच्या कार्निव्हलचे माहेरघर. नव्या रुंद हमरस्त्यासाठी ते पाडले जाणार, हे ठरल्यावर ओतेलो आणि एरिव्हेल्तो मार्तिन्स यांनी त्याच नावाचा सांबा रचला. १९४२ च्या कार्निव्हलमध्ये तो घरोघरी पोहोचला. शहराच्या विकासात ज्यांची जागा नाहीशी होते, त्यांचा निरोप या गीतात होता.

याच कार्निव्हलचे चित्रीकरण करण्यासाठी तरुण अमेरिकी दिग्दर्शक ऑर्सन वेल्स रिओत आले. 'इट्स ऑल ट्रू' या त्यांच्या नियोजित चित्रपटात प्रासा ओंझेचा विषय महत्त्वाचा ठरला आणि ओतेलो त्यातील प्रमुख कलावंत बनले. वेल्स यांनी त्यांची गणना श्रेष्ठ नटांत केली. परंतु कार्निव्हलचे खरे निर्माते असलेल्या झोपडपट्टीतील माणसांवर कॅमेरा रोखणे तत्कालीन ब्राझील सरकारला रुचले नाही, तसे ते हॉलीवूडच्या आरकेओ कंपनीलाही रुचले नाही. खर्च वाढला, कंपनीतील सूत्रे बदलली आणि चित्रपट अर्धवट राहिला. जगाच्या पडद्यावर जाण्याची ओतेलो यांची पहिली संधी अशी हातची गेली.

ज्युलिएटचे सोंग

मायदेशात मात्र त्यांच्यावर चित्रपट बेतला गेला. १९४१ मध्ये स्थापन झालेल्या 'अत्लांतिदा' कंपनीचा पहिला कथापट 'मोलेके तियाओ' १९४३ मध्ये झळकला. जोझे कार्लोस बुर्ले यांनी दिग्दर्शित केलेल्या या चित्रपटाची प्रेरणा ओतेलो यांचेच आयुष्य होते. दुर्दैवाने या चित्रपटाची एकही प्रत आज उपलब्ध नाही.

पुढे अत्लांतिदाने 'शांशादा' नावाने ओळखल्या जाणाऱ्या संगीतप्रधान विनोदी चित्रपटांचा धडाका लावला. स्पेनमध्ये जन्मलेले, सर्कशीच्या घराण्यातील ओस्कारितो आणि ओतेलो ही जोडी या चित्रपटांचा प्राण ठरली. 'एस्ते मुंदो ए उम पांदेइरो', 'आव्हिझो आओस नाव्हेगांतेस', 'हाय नून' या अमेरिकी चित्रपटाचे विडंबन करणारा 'मातार ओउ कोर्हेर' असे चित्रपट एकामागून एक आले आणि गर्दी खेचत राहिले. जोडी म्हणून दोघे बरोबरीचे दिसत. पण नाव आणि मानधन या दोन्ही बाबतींत आपल्याला दुय्यम लेखले जाते, ही ओतेलो यांची तक्रार होती. १९५४ नंतर ही जोडी फुटली.

१९४९ मधील 'कार्नावाल नो फोगो' या वॉटसन मासेदो यांच्या चित्रपटात 'रोमिओ अँड ज्युलिएट'मधील सज्जाच्या प्रवेशाचे विडंबन आहे. ओस्कारितो रोमिओ आणि लांब वेणीचा टोप घातलेले ओतेलो ज्युलिएट. ब्राझीलच्या विनोदी चित्रपटातील हा सर्वाधिक गाजलेला प्रवेश मानला जातो. या चित्रपटाचे काम चालू असतानाच ओतेलो यांच्या घरी भीषण प्रसंग घडला. त्यांच्या पत्नीने आपल्या लहानग्या मुलाला ठार मारून स्वतःचे जीवन संपवले. हा मुलगा ओतेलो यांचा सावत्र मुलगा होता. एवढा आघात सोसूनही ओतेलो कामावर परतले. ज्या चित्रपटाने सारा देश हसला, तो त्यांच्या आयुष्यातील सर्वांत काळ्या काळात तयार झाला होता. मद्यपान त्यांना आधीपासून जडलेले होते. चित्रीकरणाला उशिरा येणे किंवा न येणे यावरून निर्मात्यांशी खटके उडत. पण कॅमेऱ्यापुढे उभे राहिले की तक्रारीला जागा उरत नसे.

हास्यापलीकडे

ओतेलो यांच्यातील गंभीर नट ओळखणारे दिग्दर्शकही होते. १९४९ मध्येच बुर्ले यांनी 'ताम्बेम सोमोस इर्मांओस' हा वर्णद्वेषावर थेट बोट ठेवणारा चित्रपट काढला. श्वेतवर्णीयाच्या घरी वाढलेल्या दोन कृष्णवर्णीय भावांची ही कथा. एक वकील होतो, दुसरा गुन्हेगारीकडे वळतो. हा दुसरा भाऊ ओतेलो यांनी रंगवला. १९५२ च्या 'आमेइ उम बिशेइरो' या गुन्हेपटातील त्यांचा मृत्यूचा प्रसंग आजही अभिनयाचा नमुना म्हणून सांगितला जातो.

या वाटेवरील शिखर म्हणजे नेल्सन पेरेरा दोस सांतोस यांचा १९५७ मधील 'रिओ, झोना नोर्ते'. एस्पिरितो हा गरीब वस्तीतील सांबा रचणारा माणूस धावत्या गाडीतून रुळांवर पडतो आणि मरणाच्या दारात असताना आपले आयुष्य आठवतो. त्याची गीते दुसरेच लोक आपल्या नावावर खपवतात, शिकलेला मित्र आश्वासनांपलीकडे जात नाही आणि मुलगाही हातून जातो. या चित्रपटासाठी झे केती यांनी सांबा रचले. ओतेलो यांनी या भूमिकेत कोठेही आरडाओरडा केला नाही. मोठ्या गायिकेला आपले गीत ऐकवताना एस्पिरितोच्या चेहऱ्यावर जो आनंद उमटतो, तो पाहूनच प्रेक्षकाचा गळा दाटून येतो. पुढे 'सिनेमा नोव्हो' या नावाने जी नवी चित्रपट चळवळ उभी राहिली, तिच्या पायातील दगडांत या चित्रपटाचे स्थान आहे. व्यावसायिक यश मात्र त्याला लाभले नाही. आपल्याला हसवणाऱ्या ओतेलोला रडताना पाहण्याची प्रेक्षकांची तयारी नव्हती.

१९६२ मध्ये रोबेर्तो फारियास यांच्या 'आसाल्तो आओ त्रेम पागादोर' या रेल्वेलुटीवरील चित्रपटात ते दिसले. त्यानंतर १९६९ मध्ये आला 'माकुनाइमा'. मारियो दे आंद्रादे यांच्या १९२८ मधील कादंबरीवर जोआकिम पेद्रो दे आंद्रादे यांनी हा चित्रपट काढला तेव्हा देशात लष्करी राजवट होती. आळशी, लबाड आणि तरीही लोभस असा हा नायक जन्मतःच प्रौढ आणि काळा असतो, आणि जादूच्या पाण्याने न्हाऊन गोरा होतो. पन्नाशी ओलांडलेल्या ओतेलो यांनी भोकाड पसरत जन्माला येणारे मूल रंगवले. गोऱ्या माकुनाइमाच्या भूमिकेत पाउलो जोझे होते. वर्ण बदलताच नायकाचे नशीब बदलते, हा चित्रपटातील उपरोध ओतेलो यांच्याइतका कोणाला कळणार? आयुष्यभर शिकलेली विदूषकी आणि आयुष्यभर गिळलेला अपमान या भूमिकेत एकत्र आले. ब्रासिलिया महोत्सवात त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला.

१९७० च्या दशकाच्या आरंभी 'मॅन ऑफ ला मांचा' या संगीतिकेच्या ब्राझिलियन प्रयोगात पाउलो आउत्रान आणि बिबी फेरेरा यांच्यासमवेत ते सांचो पांझा म्हणून उभे राहिले. वेर्नर हेरझॉग यांच्या १९८२ मधील 'फिट्झकराल्डो'त बंद पडलेल्या रेल्वेच्या स्थानकाची वर्षानुवर्षे बिनपगारी राखण करणारा स्टेशनमास्तर त्यांनी साकारला. भूमिका अगदी छोटी, पण चित्रपट संपल्यावरही तो निष्ठावंत माणूस लक्षात राहतो. कार्लोस दिएगेस यांच्या १९८४ मधील 'किलोम्बो'तही ते होते. दूरचित्रवाणीवरील 'एस्कोलिन्या दो प्रोफेसर राइमुंदो' या विनोदी मालिकेने त्यांना नव्या पिढीच्या घरात नेले.

१९९३ मध्ये वेल्स यांच्या अर्धवट चित्रपटाचे सापडलेले तुकडे जोडून तयार केलेला माहितीपट प्रकाशात आला. त्याच वर्षी फ्रान्समधील नांत येथील तीन खंडांच्या चित्रपट महोत्सवाने ओतेलो यांचा गौरव करण्याचे ठरवले. सत्कार स्वीकारण्यासाठी ते निघाले. २६ नोव्हेंबर १९९३ रोजी पॅरिसच्या विमानतळावर हृदयविकाराच्या झटक्याने त्यांचे निधन झाले. त्या वेळी ते ७८ वर्षांचे होते. ज्या उबेरलांडियातून ते लहानपणी निघाले होते, तेथेच त्यांच्यावर अंत्यसंस्कार करण्यात आले.

आज ब्राझीलच्या चित्रपट अकादमीचा वार्षिक पुरस्कार त्यांच्याच नावाने दिला जातो. २००७ मध्ये सेर्जिओ काब्राल यांनी त्यांचे चरित्र लिहिले, तर २०२३ मध्ये त्यांच्यावरील 'ओथेलो, ओ ग्रांदे' हा माहितीपट आला. ज्या चित्रपटसृष्टीने त्यांना जाहिरातीत दुसऱ्या क्रमांकावर ठेवले, तिचे आजचे मानकरी दरवर्षी त्यांच्या नावाची मूर्ती हाती घेऊन घरी जातात.