विश्लेषण : ‘फिल्मफेअर’चा पहिला सहायक अभिनेता मराठी ज्यू! कोण होते डेव्हिड?

लोणी काळभोरच्या राजबागेत राज कपूर यांचे स्मारक पाहणाऱ्यांना ‘आवारा’ आणि ‘श्री ४२०’ लगेच आठवतात. मात्र १९५४ मध्ये राज कपूर यांच्याच आरके फिल्म्सने असा एक चित्रपट काढला, ज्यात ते नायक नव्हते. पडद्यावर दिसले तेही क्षणभर. हा ‘बूट पॉलिश’ पेलला तो बेबी नाझ आणि रतन कुमार या दोन मुलांनी आणि टक्कल पडलेल्या एका ठेंगण्या नटाने. प्रेक्षक त्याला नुसते डेव्हिड म्हणून ओळखत. पूर्ण नाव डेव्हिड अब्राहम चेऊलकर.

चेऊलकर कुठले?

आडनाव अलिबागजवळच्या चौलचे. कोकणातल्या बेने इस्रायली ज्यूंची मातृभाषा मराठी. तेलाचा घाणा हा त्यांचा जुना धंदा. शनिवारी, म्हणजे सब्बाथला घाणा बंद असे, म्हणून गावकरी त्यांना शनवार तेली म्हणत. १९०९ मध्ये जन्मलेले डेव्हिड मुंबईच्या विल्सन कॉलेजात शिकले, पुढे कायद्याची पदवीही घेतली. पण वकिली केली नाही. तिशीच्या उंबरठ्यावर, १९३७ च्या ‘झँबो’मधून ते पडद्यावर आले. नायक होण्याचे वय आणि रूप दोन्ही नव्हते. आज याला कोणी धाडस म्हणेल. त्या काळच्या घरांत पदवीधर मुलाने सिनेमात जाणे म्हणजे वाया जाणेच होते.

ओळख कशाने मिळाली?

१९४१ च्या ‘नया संसार’पासून लहानमोठी कामे मिळत गेली. खरे नाव झाले ते ‘बूट पॉलिश’मधल्या जॉन चाचाने. हा माणूस चोरून दारू विकतो आणि झोपडपट्टीतल्या अनाथ भावंडांना मात्र भीक मागू नका, कष्ट करा असे शिकवतो. पुढे दारूपायीच त्याला अटक होते. असे पात्र सहज उपदेशक किंवा ढोंगी वाटले असते. डेव्हिड यांनी ते दोन्ही होऊ दिले नाही. मुठीत काय आहे, असे मुलांना विचारणारे गाणे आजही बालदिनी लागते, ते त्यांच्यावरच चित्रित झाले आहे. त्याच चित्रपटात तुरुंगात पावसाची आळवणी करणारे, शास्त्रीय ढंगाचे विनोदी गाणेही त्यांच्याच वाट्याला आले. एकाच भूमिकेत दोन टोके!

‘फिल्मफेअर’ पुरस्कार १९५४ मध्ये सुरू झाले, तेव्हा सहायक भूमिकांसाठी बक्षीसच नव्हते. दुसऱ्या वर्षी ते आले आणि पहिला मान डेव्हिड यांना मिळाला. सहायक अभिनेत्रीचा पहिला पुरस्कार ‘बादबान’साठी उषाकिरण यांना मिळाला, म्हणजे त्या वर्षी दोन्ही मराठीच. हॉलिवूडच्या ऑस्करनेही असा पुरस्कार आपल्या पहिल्या सोहळ्यात नव्हे, तर १९३७ मध्ये सुरू केला होता.

मग नेहमी ‘चाचा’च का?

यशाची किंमत ही. १०० हून अधिक चित्रपट करूनही बहुतेक वेळा वाट्याला आला तो भला वडीलधारा. पण त्या चौकटीतही माणसे वेगवेगळी. ख्वाजा अहमद अब्बास यांच्या ‘शहर और सपना’त त्यांच्याभोवती मुंबईचा फूटपाथ आहे. ‘अभिमान’मध्ये पत्नी नवऱ्यापेक्षा सरस गाते, हे सर्वांत आधी ओळखतात ते त्यांचे ब्रिजेश्वरलाल, पुढच्या वादळाची चाहूल त्या एका प्रसंगात लागते. ‘चुपके चुपके’त ते हरिपद भैया, ‘बातों बातों में’त ख्रिस्ती अंकल टॉम. ‘गोलमाल’मध्ये तर सगळ्या भानगडीचे मूळ त्यांचे डॉ. केदारच. भवानीशंकरला मिशा आवडतात, खेळाचे वेड आवडत नाही, हे रामप्रसादला तेच सांगतात!

पडद्याबाहेर ते वेटलिफ्टिंगचे जाणकार आणि पदाधिकारी. इंग्रजी वक्तृत्वामुळे ‘फिल्मफेअर’ सोहळ्यांचे निवेदनही अनेकदा त्यांच्याकडेच असे. १९६९ मध्ये पद्मश्री मिळाली. ‘गोलमाल’नंतर दोन-तीन वर्षांतच, ऐंशीच्या दशकाच्या सुरुवातीला कॅनडातल्या टोरांटोत त्यांचे निधन झाले.