समजून घ्या : धुळ्याच्या कोर्टात बॅरिस्टर आंबेडकर का आले होते? आणि गरिबाला मोफत वकील मिळण्याचा हक्क आला कुठून?

विसरवाडी (ता. नवापूर) : आज विसरवाडी परिसरातल्या माणसाला कोर्टाचे काम पडले, तर तो नवापूरला किंवा नंदुरबारला जातो. नंदुरबार जिल्हा झाला १ जुलै १९९८ रोजी. त्याआधी हा भाग धुळे जिल्ह्यात होता आणि इंग्रजांच्या काळात पश्चिम खान्देशात. मुख्यालय तेव्हाही धुळेच. जिल्हा कोर्टाचे काम म्हणजे कोंडाईबारीचा घाट ओलांडून धुळे गाठायचे. ज्याच्या घरात दुसऱ्या दिवसाच्या भाकरीची खात्री नाही, त्याच्यासाठी ही तारीख किती महागात पडत असेल, याचा अंदाज करता येतो.

त्याच धुळ्यात ३१ जुलै १९३७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकर एका खटल्यासाठी आले होते. दरवर्षी त्या दिवशी लळिंगच्या लांडोर बंगल्यावर लोक मोठ्या संख्येने जमतात. बाबासाहेब राज्यघटनेचे शिल्पकार म्हणून घराघरांत माहीत आहेत. पण काळा कोट घालून जिल्ह्याजिल्ह्यांच्या कोर्टांत उभे राहणारे वकील आंबेडकर त्या मानाने कमी सांगितले जातात.

सनदेसाठी उसने पैसे

लंडनच्या ग्रेज इनमधून ते १९२२ मध्ये बॅरिस्टर झाले आणि १९२३ मध्ये मुंबईत परतले. वकिलीची सनद काढायलाही पैसे नव्हते. पारशी मित्र नवल भथेना यांनी मदत केली आणि जुलै १९२३ मध्ये हायकोर्टात नाव नोंदले गेले.

पण नाव नोंदले म्हणून कामे येत नाहीत. हायकोर्टाच्या मूळ शाखेत बॅरिस्टरकडे काम येई ते सॉलिसिटरमार्फत, आणि अस्पृश्य बॅरिस्टरला काम द्यायला सॉलिसिटर तयार नसत. मग अपिलाची कामे आणि जिल्ह्यांची कोर्टे एवढेच हाती राहिले. उत्पन्न पुरेना म्हणून १९२५ पासून काही वर्षे ते बाटलीबॉय यांच्या संस्थेत व्यापारी कायदा शिकवत होते. म्हणजे कोर्टाचे दार फक्त गरीब पक्षकारालाच बंद नव्हते, त्याच्या वकिलालाही ते जेमतेम उघडत होते.

परळच्या दामोदर हॉलमधल्या त्यांच्या कार्यालयात गिरणी कामगार, झाडूवाले, खेड्यातून आलेली माणसे यायची. फी देता येत नसेल, तर अनेकदा ती घेतली जात नसे. नाव झाले ते १९२६ मधल्या पुण्याच्या खटल्याने. 'देशाचे दुश्मन' या पुस्तकावरून जवळकर, जेधे, बागडे आणि लाड यांना खालच्या कोर्टात शिक्षा झाली होती. आंबेडकरांनी अपील लढवले आणि चौघे सुटले.

पाण्यासाठी दहा वर्षे कोर्टात

महाडच्या चवदार तळ्याचा सत्याग्रह, २० मार्च १९२७, सगळ्यांना माहीत आहे. त्याचा कोर्टातला भाग पुढे दहा वर्षे चालला. डिसेंबर १९२७ मध्ये महाडच्या काही सवर्णांनी दिवाणी दावा लावला. तळे खासगी आहे आणि अस्पृश्यांना तिथे न येऊ देण्याची जुनी रूढी आहे, असे त्यांचे म्हणणे. प्रतिवादींत खुद्द आंबेडकर होते. कोर्टाने तात्पुरती मनाई दिली, म्हणून दुसऱ्या सत्याग्रहाच्या वेळी हजारो लोक जमलेले असूनही त्यांनी पाणी न घेण्याचा निर्णय घेतला. १९३१ मध्ये महाडच्या कोर्टाने दावा फेटाळला, १९३३ मध्ये ठाण्यात अपील फेटाळले गेले आणि हायकोर्टाचा निकाल १७ मार्च १९३७ रोजी लागला. ती रूढी सिद्ध झालेली नाही, असे हायकोर्टाने ठरवले.

तीन कोर्टे, तिन्ही ठिकाणी विजय, तरी दहा वर्षे. प्रतिवादी स्वतः बॅरिस्टर असताना ही अवस्था.

चाळीसगावचा टांगा

खान्देशाशी त्यांचा संबंध १९३७ च्या आधीचा आहे. मुंबई सरकारने १९२८ मध्ये स्टार्ट समिती नेमली. अस्पृश्य आणि आदिवासी अशा दोन्ही समाजांच्या स्थितीची चौकशी करणे हे तिचे काम. आंबेडकर सदस्य होते आणि ठक्कर बाप्पाही. दौऱ्यात समितीने जिल्हे वाटून घेतले, तेव्हा पूर्व आणि पश्चिम खान्देश आंबेडकर आणि आणखी एका सदस्याकडे आले. म्हणजे विसरवाडी ज्या जिल्ह्यात होती, त्याची गाऱ्हाणी ऐकण्याची जबाबदारी त्यांच्यावर होती.

ऑक्टोबर १९२९ मध्ये धुळे मार्गावरच्या एका गावात ते बहिष्काराच्या तक्रारीची चौकशी करायला गेले. परतताना चाळीसगावला उतरले. तिथल्या महारवाड्यातल्या लोकांनी मुक्कामाचा आग्रह धरला होता. स्टेशनवर तासभर वाट पाहावी लागली, कारण एकही टांगेवाला त्यांना न्यायला तयार नव्हता. शेवटी तोड निघाली ती अशी, की टांगा मिळेल पण मालक हाकणार नाही. मग वस्तीतल्याच एकाने लगाम धरला. त्याला सवय नव्हती. नदीवरच्या फरशीवर चाक दगडांत अडकले, टांगा उलटला, घोडा आणि गाडी नदीत गेली आणि आंबेडकर दगडांवर आपटले. पाय मोडला. हा प्रसंग त्यांनी स्वतः लिहून ठेवला आहे.

सरकारने तक्रारी ऐकायला पाठवलेला माणूस तक्रारदारांच्या वस्तीपर्यंत धड पोहोचू शकला नाही. न्याय लांब असतो म्हणजे काय, हे सांगायला मला यापेक्षा नेमके उदाहरण सापडले नाही.

धुळ्याचा खटला

१९३७ ची ती भेट पोळ्याच्या बैलांच्या मानावरून उभ्या राहिलेल्या खटल्यासाठी होती, असे धुळ्यात सांगितले जाते. वाटेत चाळीसगावला त्यांच्या स्वागताला प्रचंड गर्दी झाली होती. आठ वर्षांपूर्वी टांगा मिळाला नव्हता, ते हेच स्टेशन. तोवर ते मुंबई विधानसभेत निवडून आले होते. खटल्यानंतर दीड महिन्याने, १७ सप्टेंबर १९३७ रोजी, त्यांनी सभागृहात कोकणातली खोती बंद करण्याचे विधेयक मांडले. एकेक कूळ कोर्टात सोडवत बसण्यापेक्षा कायदाच बदलावा, हा त्यामागचा हिशेब. इंजिनिअरिंगमध्ये शिकवतात, की सगळा भार एकाच खांबावर असेल तर ती रचना धोक्याची. आंबेडकर एकटे किती कोर्टांत उभे राहणार होते?

इथे एक गोष्ट नोंदवायला हवी. आदिवासींच्या राजकीय प्रतिनिधित्वाबाबत त्यांची भूमिका नेहमीच उदार नव्हती. मे १९४५ मध्ये मांडलेल्या आपल्या योजनेतून त्यांनी आदिवासींना बाहेर ठेवले होते आणि त्यावर आजही टीका होते. नंदुरबारसारख्या, दोन तृतीयांशहून अधिक लोकसंख्या आदिवासी असलेल्या जिल्ह्यात ती टीका समजण्यासारखी आहे.

राज्यघटनेत काय आले, काय राहिले?

घटनेच्या मसुदा समितीचे अध्यक्ष म्हणून त्यांनी सर्वाधिक महत्त्व दिले ते आजच्या अनुच्छेद ३२ ला, म्हणजे मूलभूत हक्कासाठी थेट सर्वोच्च न्यायालयात जाण्याच्या हक्काला. अटक झालेल्याला आपल्या पसंतीचा वकील घेता येईल, हेही अनुच्छेद २२ मध्ये आले. पण त्या वकिलाची फी कोण देणार, याचे उत्तर १९५० च्या घटनेत नव्हते. ६ डिसेंबर १९५६ रोजी बाबासाहेब गेले, तेव्हाही नव्हते.

ते यायला आणखी वीस वर्षे लागली. १९७६ च्या ४२ व्या घटनादुरुस्तीने अनुच्छेद ३९-अ आला आणि मोफत विधी साहाय्य ही राज्याची जबाबदारी ठरली. १९७९ मध्ये बिहारच्या कच्च्या कैद्यांच्या हुसैनारा खातून प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने त्याला जगण्याच्या हक्काशी जोडले. विधी सेवा प्राधिकरण कायदा १९८७ मध्ये झाला आणि ९ नोव्हेंबर १९९५ पासून लागू झाला.

आज विसरवाडीत कोणाला मोफत वकील?

या कायद्याचे कलम १२ वाचताना एक गोष्ट लक्षात येते. अनुसूचित जमाती, अनुसूचित जाती, महिला, मुले, दिव्यांग, कारखान्यातले कामगार आणि कोठडीत असलेली व्यक्ती यांना उत्पन्नाची अट नाही. म्हणजे आदिवासी शेतमजुराला उत्पन्नाच्या दाखल्यासाठी तहसीलच्या फेऱ्या मारण्याची गरज नाही. उत्पन्नाची मर्यादा आहे ती या गटांत न बसणाऱ्यांसाठी.

या मदतीत वकिलाची फी, कोर्ट फी आणि कागदपत्रांच्या नकलांचा खर्च येतो. दिवाणी वादालाही ती मिळते, फक्त फौजदारीला नाही. अटक झालेल्याला न्यायदंडाधिकाऱ्यांसमोर पहिल्यांदा उभे करतानाच वकील मागता येतो. अर्ज तालुका विधी सेवा समितीकडे किंवा नंदुरबारच्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे करायचा. लिहिता येत नसेल तर तोंडी सांगितले तरी चालते, तिथले कर्मचारी किंवा विधी स्वयंसेवक ते लिहून घेतात. हेल्पलाइनचा क्रमांक १५१०० आहे.