आचार्य अत्रे : पत्रकार व चित्रपटकार

आचार्य प्रल्हाद केशव अत्रे यांचा जन्म १३ ऑगस्ट १८९८ रोजी सासवडनजीक कोढीत या गावी झाला. पुण्यास ते अनेक वर्षे मुख्याध्यापक होते. पुढे नाटककार, पटकथाकार झाले, तरी त्यांच्यातील शिक्षक अखेरपर्यंत निवृत्त झाला नाही, असे आम्हांस वाटते. १९४० साली त्यांनी ‘नवयुग’ साप्ताहिक काढले. लेखणी तिखट, प्रसंगी ती मर्यादाही ओलांडी, हे नमूद करणे प्राप्त आहे. परंतु याच प्रखर संपादकाने साने गुरुजींच्या पुस्तकावरून ‘श्यामची आई’ (१९५३) हा हळुवार चित्रपट निर्मिला व दिग्दर्शिला. राष्ट्रपतींचे पहिले सुवर्णपदक त्यास लाभले. पाठोपाठ १९५४ साली ‘महात्मा फुले’ आला. ब्राह्मण कुळात जन्मलेल्या अत्र्यांनी जोतीरावांचे चरित्र पडद्यावर आणावे, ही गोष्ट ज्ञातिसंस्थेच्या स्मरणिकेत तरी विसरली जाऊ नये.

नोव्हेंबर १९५६ मध्ये आपले जालना मराठवाड्यासह हैदराबाद राज्यातून द्वैभाषिक मुंबई राज्यात आले. त्याच महिन्यात अत्र्यांनी दैनिक ‘मराठा’ सुरू करून मुंबईसह संयुक्त महाराष्ट्रासाठी रान उठविले. १ मे १९६० रोजी ते राज्य झाले. १३ जून १९६९ रोजी मुंबईस त्यांचे देहावसान झाले.